ठिपक्याने मोजलेली अक्षरे

दोन पेन्सिली शेजारी शेजारी धरून रबरबँडने घट्ट बांधाव्यात. दोन्हींची टोके सारख्या उंचीवर आणावीत. ही जोडपेन्सिल कागदावर अशी धरावी, की दोन टोकांना जोडणारी कल्पित रेषा वहीच्या ओळीशी ३० अंशांचा कोन करील. आता हा कोन न बदलता, म्हणजेच मनगट अजिबात न फिरवता, एक आडवी रेघ ओढावी, एक उभी ओढावी आणि शेवटी एक गोल काढावा. दोन टोकांमधली जागा पेन्सिलीने भरून काढली की वर्गातल्या मुलांच्या लगेच लक्षात येते: आडवी रेघ बारीक आली आहे, उभी जाड आली आहे, आणि गोलाची जाडी तर क्षणोक्षणी बदलत गेली आहे. कोठे तो पुष्ट आहे, तर कोठे केसासारखा बारीक.

यात जादू काही नाही. पेन्सिलींच्या टोकांमधील अंतर साधारण ७ मि.मी. असते. रेघेची जाडी म्हणजे हे अंतर गुणिले टोकांची रेषा आणि रेघेची दिशा यांच्यामधील कोनाची ज्या (साइन). आडव्या रेघेसाठी हा कोन ३० अंश, म्हणून जाडी ३.५ मि.मी. उभ्या रेघेसाठी तो ६० अंश, म्हणून जाडी सुमारे ६ मि.मी. टोकांच्या दिशेनेच रेघ ओढली तर कोन शून्य आणि जाडीही जवळजवळ शून्य. त्रिकोणमिती नुकतीच शिकलेल्या विद्यार्थ्यांना ज्या हे गुणोत्तर इतक्या स्वस्तात डोळ्यांनी दाखवणारा दुसरा प्रयोग आम्हांला तरी माहीत नाही.

बोरू हीच करामत करतो. वेताएवढ्या पोकळ बोरूचे टोक चाकूने तासून चपटे करायचे आणि शेवटी तिरपा छेद द्यायचा. देवनागरीसाठी हा छेद ज्या बाजूने तिरपा देतात, त्याच्या उलट बाजूने तो रोमन अक्षरांसाठी देतात. म्हणूनच दोन्ही लिप्यांत जाड आणि बारीक भागांच्या जागा वेगवेगळ्या पडतात. छेदाचा कोन म्हणजे लिपीचा स्वभावच म्हणा ना! या कोनाचा आणि टोकाच्या रुंदीचा जितका बारकाईने विचार अरबी लिपीच्या सुलेखनकारांनी केला, तितका क्वचितच कोणी केला असेल. या लेखात आपण त्या विचाराची ओळख करून घेणार आहोत.

हे सुलेखन आपल्याला वाटते तितके परके नाही. लिहिण्याच्या संदर्भातले आपले रोजचे शब्दच पाहा. कलम, दौत, शाई, कागद, दप्तर, हरफ हे सगळे अरबी-फारसीतून आलेले. अरबीत 'खत' म्हणजे रेघ आणि लेखनही. सुलेखनाला तिकडे हाच शब्द वापरतात, आणि आपल्या खरेदीखतात, गहाणखतात तो अजून टिकून आहे. 'मसुदा' तर फारच गमतीचा शब्द आहे. त्याचा मूळ अर्थ 'काळे केलेले', म्हणजे शाईने काळा करून टाकलेला कच्चा कागद. कोणत्याही शिक्षकाला हा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही.

एकाच आकाराची पाच अक्षरे

अरबी वर्णमालेत २८ अक्षरे आहेत, पण मूळ आकार त्याहून बरेच कमी. 'बे', 'ते' आणि 'से' यांचा सांगाडा एकच. खाली एक नुक्ता (ठिपका) दिला की बे, वर दोन दिले की ते, तीन दिले की से. शब्दाच्या मध्ये आले की 'नून' आणि 'ये' हीसुद्धा याच दातासारख्या आकाराची होतात. म्हणजे ठिपके काढून टाकले तर एका दाताचे पाच उच्चार संभवतात. त्यात ऱ्हस्व स्वर लिहायचे नाहीत. सुरुवातीच्या काळात ठिपकेही फारसे देत नसत. ज्याला मजकूर तोंडपाठ आहे त्याला खूण म्हणून लेखन पुरेसे होते.

प्रेषित महंमद यांचा मृत्यू इ.स. ६३२ सालचा. त्यानंतर शंभर वर्षांच्या आत अरबी राज्य स्पेनपासून सिंधपर्यंत पसरले आणि अरबी ही मातृभाषा नसलेले लाखो लोक कुराण वाचू लागले. त्यांना हा दात कसा वाचायचा हे कोण सांगणार? प्रश्न धार्मिक होता आणि तितकाच व्यावहारिकही. सातव्या शतकात बसऱ्याच्या अबुल अस्वद यांनी स्वरांसाठी रंगीत ठिपक्यांची पद्धत सुरू केली असे मानले जाते, आणि आज वापरात असलेल्या स्वरचिन्हांचे श्रेय आठव्या शतकातील व्याकरणकार खलील इब्न अहमद यांना देतात. सुलेखनाच्या कलेआधी असे अचूकपणाचे काम झालेले आहे.

त्या पहिल्या काळातले काही पुरावे आपल्या हाती आहेत. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅम विद्यापीठाच्या संग्रहात कुराणाची दोन चर्मपत्रे आहेत. त्यांचे कार्बन-१४ पद्धतीने केलेले कालमापन २०१५ साली जाहीर झाले. इ.स. ५६८ ते ६४५ या काळातली ती असण्याची शक्यता ९५ टक्क्यांहून अधिक निघाली. येथे विद्यार्थ्यांना एक गोष्ट जरूर विचारावी: हे वय कशाचे? ते कातड्याचे, म्हणजे जनावर कधी मेले याचे, शाईचे नव्हे. वर्तमानपत्री बातम्यांत हा फरक बहुधा हरवतो. दुसरा पुरावा जेरुसलेमचा. तेथील शिलाघुमटात (डोम ऑफ द रॉक) आतल्या कमानींवरून काचेच्या तुकड्यांची सुमारे २४० मीटर लांबीची लेखपट्टी फिरते. निळसर पार्श्वभूमीवर सोनेरी, कोनदार अक्षरे. तिच्यावर हिजरी ७२ म्हणजे इ.स. ६९१-९२ हे वर्ष आहे. इतक्या लवकर या लोकांनी इमारत सजवण्यासाठी अक्षरे निवडली होती.

'इस्लाममध्ये चित्रे निषिद्ध, म्हणून सुलेखन वाढले' हे विधान आपण नेहमी ऐकतो. ते अर्धेच खरे आहे. मशिदीत आणि कुराणाच्या प्रतीत सजीवांची चित्रे नसतात हे बरोबर; पण इराणी, तुर्की आणि मोगल दरबारांत चित्रकला भरभराटीला आली होती. आणि चित्रकाराच्या शेजारीच बसणाऱ्या सुलेखनकाराचा मान बहुतेक ठिकाणी त्याच्याहून वरचा होता. चित्रांची जागा रिकामी होती म्हणून अक्षराला मान मिळाला, असे म्हणण्यापेक्षा ईश्वरी वचन शब्दरूपाने आले या श्रद्धेतून तो मिळाला असे म्हणणे आम्हांला अधिक योग्य वाटते. कुराणाच्या ६८व्या अध्यायाचे नावच 'कलम' आहे.

कारकुनांनी घडवलेली लिपी

सुरुवातीच्या कुराणांची कोनदार लिपी 'कूफी' या नावाने ओळखली जाते. ती चर्मपत्रावर सावकाश लिहिण्याची. पण आठव्या शतकाच्या अखेरीस बगदादेत कागद बनू लागला आणि अब्बासी खलिफांच्या दप्तरात कामाचा डोंगर साचू लागला. महसूल, फर्माने, पत्रे. कारकुनांना झरझर लिहायचे होते. त्यांच्या हातून गोलाकार, वळणदार लिप्या तयार झाल्या. प्रत्येकाचे वळण निराळे. मोडीतले जुने कागद ज्यांनी वाचले असतील त्यांना या गोंधळाची कल्पना येईल.

दप्तरातल्या लेखण्यांना मापे मात्र होती. सर्वांत मोठी 'तूमार' लेखणी तट्टाचे २४ केस शेजारी शेजारी ठेवल्यावर होईल एवढी रुंद, असे पंधराव्या शतकाच्या आरंभीचा मिसरी लेखक अल-कल्कशंदी नोंदवतो. तिच्या एकतृतीयांश, म्हणजे ८ केसांच्या लेखणीची ती 'सुलुस' लिपी. सुलुस म्हणजे एकतृतीयांश. या नावाची आणखीही स्पष्टीकरणे देतात, पण मोजमाप शिकवताना तट्टाचे केस वर्गात आणण्यासारखे आहेत.

या दप्तरातूनच इब्न मुक्ला (इ.स. ८८६-९४०) वर आला. हुद्दे चढत तो तीन वेगवेगळ्या खलिफांचा वजीर झाला. राजकारण त्याला भोवले. त्याचा उजवा हात तोडण्यात आला. तुटलेल्या हाताला लेखणी बांधून तो लिहीत राहिला असे सांगतात. पुढे त्याची जीभही कापली आणि तो तुरुंगात मेला. त्याच्या नावावर असलेली कल्पना अशी: अक्षराचे माप अक्षर लिहिणाऱ्या लेखणीनेच घ्यायचे.

ती कशी चालते ते पाहू. तिरप्या टोकाची लेखणी कागदावर टेकवून टोकाच्या रुंदीइतकीच सरकवली, की एक चौकोनी ठिपका उमटतो. लेखणी ४५ अंशांत धरली असेल तर हा चौकोन आपल्या कोपऱ्यावर उभा राहतो. हे झाले एकक. असे ठिपके कोपऱ्याला कोपरा लावून उभे रचायचे. ठरावीक ठिपक्यांची जी उंची होईल ती पहिल्या अक्षराची, म्हणजे 'अलिफ' या उभ्या रेघेची. नस्ख लिपीत साधारण पाच, सुलुसमध्ये सात ठिपके धरतात. वेगवेगळ्या परंपरांत थोडा फरक असतो. मग अलिफ हा व्यास धरून वर्तुळ काढायचे. त्या परिघाचा चौथा भाग म्हणजे 'रे', अर्धा भाग म्हणजे 'नून'ची वाटी. उरलेल्या अक्षरांच्या लांब्या, वळणे, खोली सगळे ठिपक्यांत किंवा या वर्तुळात.

आकडे घालून पाहा. टोक २ मि.मी. रुंद असेल तर ठिपक्याचा कर्ण २.८३ मि.मी., सात ठिपक्यांचा अलिफ जवळजवळ २० मि.मी., 'रे' पावणेसोळा मि.मी. आणि नूनची वाटी साडेएकतीस मि.मी. आता टोक २ सें.मी. करा. सगळी मापे दहापट होतील, पण गुणोत्तरे तीच राहतील. पट्टी लागत नाही, कोठल्या राजाच्या हाताची लांबी लागत नाही. बसऱ्यात आणि कैरोत बसलेल्या दोघांनी वेगवेगळ्या लेखण्या कापल्या तरी अक्षर एकाच घराण्याचे येते. दहाव्या शतकात बसऱ्यात 'इख्वान अस-सफा' (निर्मळ बंधू) या नावाने लिहिणारे एक विद्वानमंडळ होते. त्यांनी या प्रमाणाची चर्चा केली आहे ती संगीतावरच्या प्रकरणात! तारेच्या लांबीची गुणोत्तरे कानाला गोड लागतात तशी अक्षराची डोळ्याला, हा त्यांचा मुद्दा. अलिफची जाडी आणि लांबी यांचे प्रमाण त्यांनी एकास आठ असे दिले आहे.

प्रत्यक्षात उस्तादांची अक्षरे कंपासच्या वर्तुळाशी तंतोतंत जुळत नाहीत. डोळ्याला जे गोल वाटते ते भूमितीत गोल असतेच असे नाही, हे त्यांना ठाऊक होते. ठिपक्यांची चौकट हाताला वळण लावण्यापुरती. पुढचे डोळ्याचे काम.

इब्न मुक्लाच्या हातचे म्हणून निर्विवाद मान्य झालेले एकही पान आज उपलब्ध नाही. त्याच्या पद्धतीचे वर्णन नंतरच्या लेखकांनी केलेले. त्यामुळे तिच्यातले त्याचे स्वतःचे किती आणि पुढच्यांनी त्याच्या नावावर घातलेले किती, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. नमुना नाहीसा झाला, पण माप उरले. आणि माप उरल्यामुळे अक्षर उरले. इब्न अल-बव्वाब (मृत्यू इ.स. १०२२) याची गोष्ट या संदर्भात पाहण्यासारखी आहे. बव्वाब म्हणजे दरवान; हा दरवानाचा मुलगा आधी घरांची रंगकामे करी. शिराझच्या ग्रंथालयात काम करताना त्याला इब्न मुक्लाच्या हातच्या कुराणाचे तीसपैकी एकोणतीस भाग सापडले. त्याने हरवलेला भाग लिहून संचात ठेवला, आणि वर्षभराने सुलतानाला तो कोणता हे ओळखता आले नाही, असे जुने चरित्रकार सांगतात. गोष्ट रंगवलेली असेल. पण प्रयोगाची पुनरावृत्ती दुसऱ्याच्या हातून जमली तरच तो प्रयोग खरा, असे मानणाऱ्या आमच्यासारख्यांना ती आवडते. इब्न अल-बव्वाबच्या हातची एक प्रत मात्र नक्की आहे. हिजरी ३९१ (इ.स. १०००-१००१) मधील हे कुराण डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे. त्याची नस्ख अक्षरे आज अरबी वाचणाऱ्या माणसाला सहज वाचता येतात. हजार वर्षांपूर्वीचा आपला एखादा शिलालेख वाचून पाहा, म्हणजे या गोष्टीचे मोल कळेल.

१२५८ मध्ये मंगोलांनी बगदाद लुटले. त्यातून वाचलेल्यांत याकूत अल-मुस्तासिमी (मृत्यू १२९८) होता. लेखणीचा छेद अधिक तिरपा करून त्याने जाड-बारीक भागांतला फरक उठावदार केला आणि सुलुस, नस्ख, मुहक्कक, रैहानी, तौकी, रिका या 'सहा लेखण्या' पक्क्या केल्या. पेन्सिलींच्या प्रयोगात कोन ३० ऐवजी ४५ वा ६० करून पाहिला, तर याकूतने काय साधले हे थोडेफार कळेल.

काजळ, डिंक आणि अंड्याचा पांढरा

आता आमच्या आवडीच्या विषयाकडे, म्हणजे रसायनाकडे वळू. सुलेखनाची काळी शाई म्हणजे काजळ, डिंक आणि पाणी. काजळाचे कण मिलिमीटरच्या दहा-वीस हजाराव्या भागाएवढे. नुसत्या पाण्यात टाकले तर ते एकमेकांना चिकटून गुठळ्या होतात. डिंकाचे लांब रेणू कणाभोवती लपेटून बसतात आणि दोन कणांना जवळ येऊ देत नाहीत. अशा कलिलाला स्थिर कलिल म्हणतात. खल जितका जास्त, तितके कण सुटे. म्हणून शाई दिवसचे दिवस खलत. शाईची सुरई हजला निघालेल्या उंटावर बांधत, म्हणजे मक्केला जाऊन येईपर्यंत ती आपोआप घुसळली जाई, असेही तुर्कस्तानात सांगतात. इस्तंबूलच्या सुलेमानिये मशिदीत (१५५७) मुख्य दारावर एक खोली आहे. हजारो दिव्यांचा धूर हवेच्या झोताने तेथे जमेल अशी वास्तुकार सिनान याने रचना केली, आणि तेथले काजळ शाईसाठी वापरत. भिंतीही काळ्या होत नसत.

दुसरी शाई मायफळ आणि हिराकस यांची. मायफळातल्या टॅनिनचा हिराकसातल्या लोहाशी संयोग होतो आणि हवेतल्या ऑक्सिजनने तो काळा पडतो. हिरड्याचा काढा आणि हिराकस यांपासून आपल्याकडेही अशी शाई करत. वर्गात पाच मिनिटांत करून दाखवता येते. चर्मपत्रावर ती छान पकडते, पण तिच्यात आम्ल शिल्लक राहते. ते कागदाचे सेल्युलोज खाते आणि शतकांनंतर अक्षराच्या जागी अक्षराच्या आकाराची भोके उरतात. काजळ असे काही करत नाही. कार्बन कोणाच्या अध्यात ना मध्यात. पानाच्या चौकटीच्या हिरव्या रेघांसाठी वापरलेला जंगालही कागद खातो. त्यात केशर मिसळावे असे जुन्या फारसी ग्रंथांत सांगितले आहे, आणि अलीकडच्या प्रयोगांत केशराचा संरक्षक परिणाम खरोखर दिसून आला आहे.

बोरूच्या टोकाला मधोमध एक चीर देतात. केशाकर्षणाने शाई चिरेतून खाली उतरते. हेच केशाकर्षण कागदात मात्र नकोसे असते. तंतूंच्या फटींतून शाई पसरली की अक्षराची धार गेली. म्हणून कागदाला आधी खळ, मग अंड्याचा पांढरा भाग आणि तुरटी यांचा लेप देत आणि वाळल्यावर अकीकासारख्या गुळगुळीत दगडाने घोटत. फटी बुजतात, शाई वरच राहते. चूक झाली तर ओल्या बोटाने नाहीतर चक्क जिभेने पुसता येते. तुर्की भाषेत शिकलेल्या माणसाला 'शाई चाटलेला' म्हणतात ते यामुळेच. दौतीत रेशमाच्या धाग्यांचा बोळा ठेवत. लेखणी तळाला आपटत नाही आणि बेताचीच शाई उचलते. दौलताबादजवळच्या कागजीपुऱ्याचे नाव हातकागदाच्या उद्योगावरूनच पडले आहे. घोटलेल्या कागदाचा स्पर्श कसा असतो हे ज्यांनी अनुभवले नसेल त्यांनी सहलीच्या निमित्ताने हे गाव जरूर पाहावे.

लाल शाईतला गुरू

तुर्की परंपरेत शिकवणी कशी चाले हे शिक्षकांना वाचायला आवडेल. शिष्य आधी एकेक अक्षर लिहून आणतो. गुरू त्याच कागदावर लाल शाईने दुरुस्ती करतो: अक्षराशेजारी ठिपके मांडून येथे तीन हवे होते, तुझे साडेतीन झाले, असे दाखवतो. 'चांगले नाही' असा मोघम शेरा नाही. मग अक्षरांच्या जोड्या, मग ओळी. एकेका जोडीवर आठवडे जातात. अनेक वर्षांनंतर शिष्य एखाद्या जुन्या उस्तादाच्या पानाची नक्कल करतो, ती पसंत पडली तर खाली गुरू परवानगी लिहून देतो. तिला 'इजाजत' म्हणतात. त्यानंतरच आपल्या लेखनाखाली स्वतःचे नाव घालता येते. गुरूचा गुरू, त्याचा गुरू अशी मालिका शेख हमदुल्ला (१४३६-१५२०) आणि त्याच्यामागे याकूतपर्यंत नेतात. स्त्रियाही या मालिकेत होत्या. इस्मा इब्रत या मुलीने १७९५ साली, पंधराव्या वर्षी, लिहिलेले पान आजही नावाजले जाते.

ही मालिका विसाव्या शतकात तुटता तुटता राहिली. १९२८ साली तुर्कस्तानने कायद्याने रोमन लिपी स्वीकारली आणि सुलेखनकारांचे पोट एका वर्षात गेले. हामिद अयताच (१८९१-१९८२) यांच्यासारख्यांनी छपाईची लेबले, भेटकार्डे यांवर गुजराण केली, पण शिकवणे सोडले नाही. आज जगभर या परंपरेत शिकणाऱ्यांपैकी अनेकांच्या इजाजतीत त्यांचे नाव येते. २०२१ साली सोळा देशांनी मिळून सादर केलेल्या अरबी सुलेखनाची आणि त्याच वर्षी तुर्कस्तानच्या सुलेखनाची युनेस्कोने वारसायादीत नोंद केली.

उंचावरची अक्षरे

पानावरचे अक्षर भिंतीवर चढले की नवा प्रश्न येतो. कमानीच्या माथ्यावरचे अक्षर खालून लहान दिसते. ताजमहालाच्या दरवाजाभोवती पांढऱ्या संगमरवरात काळा दगड बसवून लिहिलेली सुलुस अक्षरे आहेत. ती लिहिणाऱ्या अमानत खानाने आत आपले नाव आणि हिजरी १०४८ (इ.स. १६३८-३९) हे साल नोंदवले आहे. वर जाताना ती मोठी होत जातात, त्यामुळे खालून सारखी भासतात. किती मोठी करावी लागतील? डोळ्यापासून भिंत १० मीटरवर असेल आणि अक्षर डोळ्याच्या पातळीपासून १० मीटर उंच असेल, तर एकतर ते १.४१ पट दूर जाते, आणि दुसरे म्हणजे ते आपल्याला तिरपे दिसते, त्यामुळे आणखी १.४१ पट आखूड भासते. दोन्ही मिळून दुप्पट. म्हणजे खाली ३० सें.मी.चे अक्षर असेल तर वर ६० सें.मी.चे हवे. शाळेच्या इमारतीवर नाव रंगवताना हे गणित करून पाहायला हरकत नाही.

विजापूरच्या इब्राहिम रोजात (सतराव्या शतकाचा पूर्वार्ध) तर खिडक्यांच्या दगडी जाळ्याच अक्षरांच्या आहेत. अक्षरांमधल्या रिकाम्या जागेतून उजेड येतो. येथे दगड कोसळू नये म्हणून प्रत्येक अक्षर शेजारच्याला कोठे तरी जोडलेले असावे लागते. लेखनाला सांधेजोडीचा नियम लागू झाला. त्याच विजापूरच्या दरबारात खलीलुल्ला या सुलेखनकाराला 'पादशाह-ए-कलम' असा किताब मिळाला होता. इराणात आणि मध्य आशियात विटांच्या भिंतींवर 'चौकोनी कूफी' लिहीत. सगळ्या रेघा आडव्या-उभ्या, आणि अक्षराची जाडी व मधल्या मोकळ्या जागेची जाडी एकच. चौकटीच्या वहीत एखादा शब्द असा बसवायला मुलांना द्यावा. संगणकाच्या पडद्यावरील अक्षरे चौकोनी ठिपक्यांची असतात, हे वेगळे सांगावे लागणार नाही.

संगणकाला मात्र नस्तालीकने बराच काळ दाद दिली नाही. चौदाव्या शतकात इराणात मीर अली तब्रीजी याने रूपाला आणलेली ही लिपी फारसी कवितेची आणि आपल्याकडे उर्दूची. तिच्यात शब्द ओळीवर सपाट बसत नाही, तो उजवीकडून डावीकडे उतरत येतो आणि शेवटचे अक्षर ओळीवर टेकते. म्हणजे पहिले अक्षर किती उंचावर सुरू करायचे हे पुढे किती आणि कोणती अक्षरे आहेत यावर ठरते. कातिबाला लेखणी टेकवण्यापूर्वी अख्खा शब्द मनात मांडावा लागतो. शिशाच्या सुट्या खिळ्यांना हे जमणे कठीण. म्हणून एकोणिसाव्या शतकात शिळाछाप आली तेव्हा फारसी आणि उर्दू पुस्तकांनी ती आनंदाने उचलली, आणि मुंबई हे अशा छपाईचे एक मोठे केंद्र झाले. उर्दू वर्तमानपत्रे तर त्यानंतरही शंभर वर्षे कातिब हाताने लिहीत राहिले. १९८१ साली पाकिस्तानात मिर्झा अहमद जमील यांनी 'नूरी नस्तालीक' तयार केली तेव्हा अक्षरे जुळवण्याचा नाद सोडून त्यांनी वीस हजारांच्या आसपास जोडरूपे एकेक करून हाताने लिहून काढली आणि ती यंत्रात भरली. आजच्या संगणकीय अक्षरसंचांत एवढा साठा लागत नाही. शब्द टंकून झाला की आज्ञावली शेवटच्या अक्षरापासून मागे मोजत जाते, प्रत्येक जोडीला उंची देते, ठिपके एकमेकांवर आपटत असतील तर बाजूला सरकवते आणि मग शब्द पडद्यावर उतरवते.